बांधावर पोलीस उभे राहतात तेव्हा

आजचा विषय कायद्याचा आहे, पण भाकरी थापता थापता ऐकला तरी कळेल असा सांगायचा प्रयत्न करते. गेल्या काही ग्रामसंघाच्या बैठकांत एकच प्रश्न वेगवेगळ्या गावांतून आला. "ताई, टॉवरवाले आता कोर्टाचा कागद आणि पोलीस घेऊन येणार म्हणतात. म्हणजे आमचं रान गेलंच ना?"

उत्तर आधीच देऊन टाकते. रान गेलं नाही आणि मोबदल्याचा हक्कही गेला नाही. कोर्टाने पोलीस संरक्षण दिलं म्हणजे एकच गोष्ट ठरली, की हे काम कुणी अंगाने अडवायचं नाही. पैसे किती मिळायचे, पिकाचं नुकसान किती धरायचं, चेक कुणाच्या नावाने निघायचा, हे त्या आदेशाने ठरत नाही. आपल्या बाया नेमकं इथेच फसतात. पोलिसांची गाडी दिसली की सगळं संपलं असं समजून घरी बसतात आणि जे मागायचं ते मागायचं राहून जातं. म्हणून हा सगळा प्रकार आज पहिल्यापासून समजून घेऊ.

जमीन घेणं वेगळं, तार नेणं वेगळं

रस्ता किंवा धरण होतं तेव्हा सरकार जमीन संपादन करतं. सातबाऱ्यावरचं आपलं नाव जातं आणि जमीन कायमची जाते. विजेच्या मोठ्या लाईनचं तसं नसतं. टॉवर आपल्या रानात उभा राहतो, तारा रानावरून जातात, पण जमीन आपल्याच नावावर राहते. कंपनीला मिळतो तो फक्त टॉवर उभारायचा, तारा ओढायचा आणि पुढे दुरुस्तीला येण्याजाण्याचा अधिकार.

हा अधिकार येतो कुठून? २००३ च्या वीज कायद्यात १६४ नंबरचं कलम आहे. त्या कलमाखाली सरकार एखाद्या वीज कंपनीला १८८५ च्या तार कायद्यातले अधिकार देऊ शकतं. इंग्रजांच्या काळात तारेचे खांब रोवायला जो कायदा केला, तोच आज चारशे केव्हीच्या टॉवरला लागतो. २०२३ साली नवा दूरसंचार कायदा आला, तरी विजेच्या लाईनपुरता जुन्या कायद्याचा तो भाग चालू ठेवला आहे.

या जुन्या कायद्यातल्या दहाव्या कलमात दोन गोष्टी शेजारी शेजारी आहेत. एक, मालकाच्या जमिनीवरून लाईन नेता येते. दुसरी, हे करताना नुकसान कमीत कमी करायचं आणि जे होईल त्याची पूर्ण भरपाई सगळ्या हितसंबंधी माणसांना द्यायची. पहिली गोष्ट कंपनीचा माणूस आपल्याला सांगतो. दुसरी आपण त्याला सांगायची असते.

कंपनीकडे १६४ कलमाचा आदेश नसेल तर मात्र रीत वेगळी आहे. तिथे २००६ चे नियम लागतात. त्यात जमीनमालकाची आधी संमती घ्यावी लागते आणि मालकाने हरकत घेतली तर जिल्हाधिकाऱ्यांची किंवा अधिकार दिलेल्या दुसऱ्या अधिकाऱ्याची लेखी परवानगी आणावी लागते. म्हणून कंपनीला पहिला प्रश्न लेखी विचारायचा, "तुमच्याकडे १६४ कलमाचा आदेश आहे का? प्रत द्या." गॅसची पाईपलाईन असेल तर तिला १९६२ चा वेगळाच कायदा आहे. कुठलंही काम असो, कायदा कोणता लावला हे आधी विचारायचं.

पोलीस कुणाच्या सांगण्यावरून येतात?

आधी मोजणीवाले येतात, दगड किंवा खुंट्या रोवतात. मग खड्डा खणायला मशीन येतं. शेतकरी म्हणतो, आधी पैशाचं ठरवा. बोलणी फिसकटतात आणि काम थांबतं. इथून पुढे कंपनीला दोन वाटा असतात.

पहिली वाट जिल्हाधिकाऱ्यांची. तार कायद्याच्या सोळाव्या कलमात म्हटलं आहे, की कामाला कुणी अडथळा केला तर जिल्हा दंडाधिकारी, म्हणजे आपले जिल्हाधिकारी, काम करू देण्याचा आदेश काढू शकतात. या सुनावणीची नोटीस आली तर ती आपली बोलायची पहिली जागा. विहीर, बोअर, घर, जनावरांचा गोठा, फळबाग, जे काही लाईनखाली येतं ते नकाशावर दाखवून लेखी द्यायचं. टॉवर चार पावलं सरकवून बांधावर घेता येतो का, हे विचारायची वेळ हीच. एकदा पाया भरला की टॉवर हलवणं फार अवघड.

असा आदेश निघाल्यावरही कुणी अडवलं तर तो गुन्हा होतो. पूर्वी त्याला भारतीय दंड संहितेचं १८८ कलम होतं. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेचं २२३ कलम आहे. त्यात सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा अडीच हजार रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. आदेश मोडल्याने कुणाच्या जिवाला धोका झाला तर शिक्षा वाढते.

दुसरी वाट उच्च न्यायालयाची. पोलीस बंदोबस्त देत नाहीत किंवा दिला तरी काम पुढे सरकत नाही, तेव्हा कंपनी रिट याचिका करते. तिचं म्हणणं असतं, "आमच्याकडे परवानगी आहे, पैसे द्यायला तयार आहोत, पण काम करू देत नाहीत. पोलिसांना संरक्षण द्यायला सांगा." न्यायालय कागद बघतं. कंपनीला अधिकार आहे का, मार्ग मंजूर आहे का, कुठल्या कोर्टाची स्थगिती आहे का, भरपाईचं काय केलं? हे सगळं पटलं तर पोलिसांना संरक्षण देण्याचा आदेश होतो.

अशा याचिकेत कधी कधी जमीनमालकांनाही सामनेवाले करतात. मग घरी कोर्टाचं पाकीट येतं. आणि हे पाकीट बहुतेक वेळा घेते कोण? दुपारी घरी असलेली बाई. आमच्या भागातल्या एका ताईंना नवऱ्याने बजावून ठेवलं होतं, "टॉवरचं काही आलं तर सही करायची नाही, परत पाठवायचं." त्यांनी पोस्टमनला परत पाठवलं. पाकिटावर 'घेण्यास नकार' असा शेरा पडला. असा शेरा पडला की कोर्ट धरून चालतं, की नोटीस पोचली. पुढची सुनावणी या घराचं कुणी हजर नसताना झाली आणि डाळिंबाच्या बागेतून जाणाऱ्या लाईनबद्दल एक शब्दही कोर्टापुढे गेला नाही. म्हणून सांगते, पाकीट घ्या. पाकीट घेणं म्हणजे संमती देणं नव्हे. आतली तारीख वाचा आणि त्याच आठवड्यात वकील गाठा.

वकिलाला पैसे नाहीत, ही अडचण मला ठाऊक आहे. पण १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने स्त्रीला मोफत वकील मिळतो आणि त्यासाठी तिचं उत्पन्न बघत नाहीत. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते, जिल्ह्याला प्राधिकरण असतं आणि उच्च न्यायालयाचीही वेगळी समिती आहे. १५१०० या नंबरवर फोन करूनही विचारता येतं. जमीन नवऱ्याच्या आणि तुमच्या दोघांच्या नावावर असेल तर तुमच्या नावाने अर्ज करा.

कोर्ट कंपनीच्या बाजूने का जातं?

बैठकीत हा प्रश्न रागानेच येतो. पण नीट बघू. पन्नास गावांतून जाणारी लाईन असेल आणि एकोणपन्नास गावांत तारा ओढून झाल्या असतील, तरी एका रानात टॉवर अडला तर लाईनमधून वीज जात नाही. त्या विजेवर दुसऱ्या तालुक्यातलं दवाखान्याचं यंत्र, उपसा सिंचनाची मोटार, आपल्याच गटातल्या बाईची पिठाची गिरणी चालायची असते. म्हणून कोर्ट म्हणतं, काम होऊ द्या, पैशाचा वाद वेगळा चालू द्या.

डिसेंबर २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पॉवर ग्रिड विरुद्ध सेंच्युरी टेक्स्टाइल्स या खटल्यात हेच सांगितलं. छत्तीसगडमध्ये सिमेंटसाठी लागणाऱ्या चुनखडीच्या जमिनीवरून लाईन जात होती आणि कंपनीची त्याला हरकत होती. न्यायालयाने निकाल दिला, की तार कायद्याचे अधिकार मिळालेल्या संस्थेला टॉवर उभारायला मालकाची आधी संमती लागत नाही. एवढी मोठी कंपनी वकिलांची फौज घेऊन उभी राहूनही लाईन थांबली नाही. मग आपण पाच जणी मशीनपुढे बसून ती कायमची थांबवू, अशी आशा कुणी दाखवत असेल तर त्याला हा निकाल दाखवा.

पण भरपाईच्या बाबतीत हेच न्यायालय आपल्या बाजूने बोललेलं आहे. २००७ साली केरळच्या वीज मंडळाच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालय म्हणालं, की सगळ्यांना एकच ठोकळेबाज हिशोब लावता येत नाही. जमीन कुठे आहे, तारा किती अंतर रानावरून जातात, त्याखाली उंच झाडं लावता येतात का, घर बांधता येईल का, जमिनीची किंमत किती उतरली, हे सगळं बघायचं.

पैशाचा हिशोब

आता वही-पेन्सिल घ्या. भरपाईचे तीन भाग असतात. टॉवरच्या चार पायांमधली जागा, तारांखालचा पट्टा आणि पीक-झाडांचं नुकसान. आपले लोक भांडतात ते बहुतेक टॉवरच्या जागेवर. मोठा आकडा असतो तो तारांखालच्या पट्ट्याचा.

दोनशेवीस केव्हीच्या लाईनचा पट्टा साधारण ३५ मीटर रुंद धरतात, चारशे केव्हीचा ४६ मीटर. समजा तुमच्या रानावरून दोनशेवीसची लाईन १०० मीटर जाते. ३५ गुणिले १००, म्हणजे ३५०० चौरस मीटर. एक गुंठा म्हणजे सुमारे १०१ चौरस मीटर. म्हणजे जवळजवळ ३५ गुंठे तारांखाली आले. टॉवरखाली धरू एक गुंठा.

केंद्राच्या ऊर्जा मंत्रालयाने ऑक्टोबर २०१५ मध्ये जी सूत्रं दिली, त्यात टॉवरच्या जागेला जमिनीच्या किमतीच्या ८५ टक्के आणि पट्ट्याला जास्तीत जास्त १५ टक्के होते. जून २०२४ च्या नव्या सूत्रांत टॉवरच्या जागेला २०० टक्के आणि पट्ट्याला ३० टक्के आहेत. उदाहरणापुरता गुंठ्याचा भाव २० हजार धरा. जुन्या सूत्राने टॉवरचे १७ हजार आणि पट्ट्याचे १ लाख ५ हजार होतात. नव्या सूत्राने टॉवरचे ४० हजार आणि पट्ट्याचे २ लाख १० हजार. बघा, फरक केवढा पडतो!

ही सूत्रं राज्य सरकार शासन निर्णय काढून लागू करतं. म्हणून कंपनीला आणि प्रांत कार्यालयाला लेखी विचारायचं, "आमच्या लाईनला कोणत्या तारखेचा शासन निर्णय लावला? जमिनीचा भाव किती धरला? पट्टा किती मीटर धरला?" तीन प्रश्न, आणि तिन्हींचं उत्तर कागदावर मागायचं.

पिकाची भरपाई याहून वेगळी. आणि पीक एकदाच मोडत नाही. पाया खणताना मशीन येतं, टॉवर उभारताना लोखंडाच्या गाड्या येतात, तार ओढताना माणसं सगळ्या रानातून फिरतात. तीन वेळा नुकसान झालं तर तीन वेळा पंचनामा मागायचा.

रक्कम कमी वाटली तर दाद मागायची जागाही कायद्यात आहे. सोळाव्या कलमाप्रमाणे जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज करता येतो. टॉवर उभा राहिला, तारा ओढल्या, पोलीस निघून गेले, तरी हा अर्ज होतो. फक्त त्याआधी एका ओळीकडे लक्ष ठेवा. पावतीवर 'पूर्ण व अंतिम मोबदला मिळाला, काही तक्रार नाही' असं छापलेलं असेल तर वाचल्याशिवाय सही करू नका. रक्कम घ्यायचीच असेल तर 'वाढीव मोबदल्याचा हक्क राखून' असं लिहून मगच सही करा.

त्या दिवशी बांधावर

पोलीस आले. आता काय करायचं?

कोर्टाच्या आदेशाची प्रत मागा. कोणती लाईन, कोणतं गाव, कोणता गट, ते वाचा. आपला गट त्यात बसतो का बघा. मार्ग मंजूर नकाशापेक्षा वेगळा वाटला तर जागेवरच लेखी हरकत द्या आणि पोच घ्या.

मशीन रानात उतरायच्या आधी पिकाचे फोटो काढा. ऊस किती उंच, डाळिंबाला फळ धरलंय का, ठिबकच्या नळ्या कुठून जातात, सगळं दिसलं पाहिजे. तलाठी, म्हणजे आताचे ग्राम महसूल अधिकारी, आणि शेतीखात्याचा माणूस यांना समोर पंचनामा करायला सांगा. झाडं एक-एक मोजून लिहून घ्या. पंचनाम्याची प्रत हातात आल्याशिवाय जागा सोडू नका.

पोलीस तिथे शांतता राखायला असतात. टॉवर कुठे बसवायचा, भाव किती द्यायचा, हे ठरवणं त्यांचं काम नाही. आणि संमतिपत्रावर सही करायला ते सांगू शकत नाहीत.

एक गोष्ट जरा स्पष्ट बोलते. गावात पुरुष म्हणतात, "बायकांना पुढे करा, पोलीस बायकांना हात लावत नाहीत." हे खरं नाही. बंदोबस्तात महिला पोलीस असतात आणि त्या ताब्यात घेऊ शकतात. सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयाआधी स्त्रीला अटक करायची नाही, अपवादात्मक परिस्थितीत महिला अधिकाऱ्याने दंडाधिकाऱ्यांची आधी परवानगी घ्यायची, हे संरक्षण कायद्यात आहे. पण दिवसाउजेडी गुन्हा नोंदला जाऊ शकतो. ढकलाढकली झाली, दगड गेला, तर सरकारी नोकरावर हल्ल्याचं कलम लागतं आणि ते अजामीनपात्र आहे. उच्च न्यायालयाचा आदेश जाणूनबुजून मोडला तर अवमानाची कारवाई वेगळीच. पुढे तारखांना कोर्टात जायचं, रोज बुडवायचा, पोरीच्या लग्नात किंवा पोराच्या नोकरीच्या चौकशीत नाव निघायचं, हे सगळं त्या बाईच्या वाट्याला येतं, तिला पुढे ढकलणाऱ्याच्या नाही.

चेक कुणाच्या नावाने?

पहिल्या रांगेत बाई आणि चेकवर नाव दिराचं, हे मी डोळ्यांनी पाहिलेलं आहे. आमच्या एका गटातल्या ताईंचा नवरा वारला. वारस नोंद झालेली नव्हती. रान त्याच कसत होत्या, गटातून कर्ज काढून ठिबक त्यांनीच टाकलं होतं. मशीनपुढे दोन दिवस त्याच उभ्या राहिल्या. मोबदल्याची यादी लागली तेव्हा त्यात फक्त सातबाऱ्यावर नाव असलेल्या मोठ्या दिरांचं नाव होतं. ठिबक मोडलं ते मोडलंच आणि गटाचा हप्ता बाईच्या डोक्यावर राहिला.

यावर कायद्यात उपाय आहे, तो लक्षात ठेवा. कायदा म्हणतो 'सगळ्या हितसंबंधी माणसांना' भरपाई. म्हणजे वारस विधवा, हिस्सा असलेली मुलगी, खंडाने किंवा वाट्याने पीक घेणारी बाईसुद्धा आपल्या नुकसानीपुरती त्यात येते. हिस्सा किती, पैसे कुणाला, यावर वाद असेल तर ती रक्कम जिल्हा न्यायाधीशांच्या कोर्टात भरण्याची सोय त्याच सोळाव्या कलमात आहे. मग न्यायाधीश सगळ्यांना नोटीस काढून वाटणी ठरवतात. त्यासाठी चेक वाटायच्या आधी कंपनीला आणि जिल्हाधिकाऱ्यांना एक साधा अर्ज द्यायचा, "या गटात माझा हिस्सा आहे, माझं ऐकल्याशिवाय रक्कम एकट्याला देऊ नये." अर्जाची पोच घ्यायची आणि जपून ठेवायची.

पण सगळ्यात चांगलं म्हणजे ही वेळ येण्याआधीच नाव लावून घेणं. रानात खुंट्या दिसल्या की त्याच आठवड्यात सातबारा काढा. वारस नोंद राहिली असेल तर अर्ज करा.

येत्या महिन्याच्या बैठकीला ज्यांच्या रानात खुंट्या पडल्यात, त्यांनी एक फाईल घेऊन यायचं. सातबारा, आठ अ, पिकाचे फोटो, कंपनीची नोटीस आणि आलेलं प्रत्येक पाकीट त्यात हवं. गटाची वही लिहून झाली की अर्धा तास आपण अर्ज लिहायला बसू. ज्यांना लिहिता येत नाही त्यांचा अर्ज शेजारचीने लिहायचा आणि लिहून झाला की तिला मोठ्याने वाचून दाखवायचा.